लॉन पिवळं पडतंय? हुमणी आणि भुंगेऱ्यांचा बंदोबस्त, खान्देशातल्या बंगलेवाल्यांसाठी

दरवर्षी गणपती झाले की जळगाव-भुसावळकडून तेच फोन आणि तेच फोटो येतात, भाऊ लॉनला गोल गोल पिवळे चट्टे पडलेत, पाणी वाढवलं, युरिया टाकला, काही फरक नाही, आता कोणतं औषध मारू. खरं सांगायचं तर तेव्हा औषध मारायची वेळ बरीचशी निघून गेलेली असते. हे चट्टे पाडते ती हुमणी, म्हणजे जमिनीत राहून मुळ्या खाणारी भुंगेऱ्याची अळी, आणि तिचं सगळं गणित वेळेचं आहे, औषध कोणतं हा प्रश्न नंतरचा. म्हणून आधी वेळ समजून घ्या मग बाकीचं सोपं आहे.

आपल्याकडे लॉनची वाट लावणारी मुख्य हुमणी म्हणजे होलोट्रिकिया जातीची, शेतकरी तिला ओळखतात कारण ऊस, भुईमूग, मका, ज्वारी सगळ्याच्या मुळ्या ती खाते. वर्षात एकच पिढी. वळवाचा किंवा मृगाचा पहिला दमदार पाऊस झाला की जमिनीत सुप्त बसलेले तपकिरी भुंगेरे संध्याकाळी अंधार पडता पडता बाहेर निघतात, साधारण सात-साडेसातला, आणि थेट कडुनिंब, बाभूळ, बोर अशा झाडांवर जाऊन बसतात. रात्रभर पाला खायचा, तिथेच मिलन, आणि उजाडायच्या आत परत जमिनीत. दिवसा शोधलं तर एक दिसणार नाही, म्हणून लोकांना वाटतं आपल्याकडे नाहीतच. मग मादी ओलसर मातीत तीन-चार इंच खोल एकेक करून अंडी घालते, एक मादी साधारण ५०-६० अंडी, आणि दहा-पंधरा दिवसांत अळी बाहेर.

आता हे आपल्या कॅलेंडरवर बसवा. अखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, भुंगेरे जमिनीतच असतात. रोहिणी ते आर्द्रा, म्हणजे मेचा शेवटचा आठवडा ते जूनअखेर, भुंगेऱ्यांचा सीझन. आषाढीच्या आसपास जमिनीत बारीक अळी असते, ती अजून जास्त करून कुजलेलं, सेंद्रिय खाते, तिने केलेलं नुकसान वरून दिसत नाही. श्रावणात कानबाई येईपर्यंत ती मुळ्यांकडे वळते. पोळ्यानंतर तिसऱ्या अवस्थेतली जाड अळी, इंचाच्या वर, हीच खरी खादाड आणि हीच अवस्था सगळ्यात लांब, चार-साडेचार महिने चालते. दिवाळीनंतर ती खोल जाते, तिथे कोष करते, कोषातून भुंगेरा होऊन तो तिथेच पडून राहतो पुढच्या पावसापर्यंत. म्हणजे तुम्ही चट्टे बघून धावपळ करता तेव्हा अळी सगळ्यात मोठी, सगळ्यात चिवट आणि बऱ्यापैकी खोल असते, वरून शिंपडलेलं औषध तिच्यापर्यंत नीट पोचत नाही आणि पोचलं तरी बारीक अळीइतकी ती सहज मरत नाही.

पण त्याच्याही आधी एक गोष्ट, लॉन पिवळं पडलं म्हणजे हुमणीच असं नाही. कुत्रा मुतला तरी चट्टा पडतो, त्याच्या कडेला गवत उलट जास्त हिरवं दिसतं. वाळवी असेल तर गवताच्या बुडाशी मातीचे पापुद्रे, बोगदे दिसतात. स्प्रिंकलरचं पाणी एका कोपऱ्यात पोचत नाही हे तर फार कॉमन, बारा महिने त्याच जागी पिवळं असेल तर आधी नोझल बघा. हुमणीची खूण वेगळी, गवत हाताने धरून ओढलं की मुळ्याच नसल्यामुळे सतरंजीसारखं गुंडाळत वर येतं. आणि दुसरी खूण म्हणजे पक्षी, साळुंक्या, कावळे, बगळे लॉनच्या एकाच भागात रोज येऊन चोची मारत असतील तर त्यांना खाली काहीतरी दिसतंय. रात्रीतून डुकरांनी लॉन उकरून ठेवलं असेल तर डुकरांना शिव्या देण्याआधी माती बघा, ते फुकट मेहनत करत नाहीत.

खात्री करायची तर खुरपं घ्या, एक फूट बाय एक फूट चौकोन तीन बाजूंनी कापा, पापुद्रा उलटा करा आणि खालची तीन-चार इंच माती हाताने चाळा. अळी पांढरट, इंग्रजी सी अक्षरासारखी वळलेली, डोकं तपकिरी, पुढे पायांच्या तीन जोड्या. अशा चार-पाच ठिकाणी बघा, आणि ते चट्ट्याच्या मधोमध नको, तिथलं खाऊन ती पुढे गेलेली असते, हिरवं आणि पिवळं जिथे मिळतं त्या कडेला खणा. एका चौकोनात एखाद-दुसरी सापडली तर काही करू नका, चांगलं लॉन तेवढं सहन करतं. लॉनसाठी जगभर साधारण एका चौरस फुटाला पाच ते दहा अळ्या हा आकडा धरतात. आपल्याकडे उन्हाने आधीच हैराण झालेलं लॉन असतं म्हणून मी पाचलाच हालचाल सुरू करा म्हणेन.

आता अळ्या सापडल्या की लगेच ठेचायला घेऊ नका. दोन-तीन अळ्या फरशीवर किंवा पाटीत सपाट ठेवा आणि चालू द्या. आडवी पडून, एका कुशीवर वळवळत, पाय घासत जायला बघते ती मुळ्या खाणारी हुमणी. आणि पाय वर करून चक्क पाठीवर सरसर चालत गेली तर ती फुलभुंग्याची अळी, ती फक्त कुजलेला पालापाचोळा आणि खत खाते, तुमचं कंपोस्ट बारीक करून देते, तिला परत कंपोस्टमध्ये सोडा. शेणखताच्या ढिगात अंगठ्याएवढ्या जाड अळ्या निघतात त्या बहुतेक वेळा गेंड्या भुंग्याच्या असतात, त्याही लॉनच्या मुळ्या खात नाहीत, पण दारात नारळ असेल तर त्यांना सोडू नका कारण मोठा झालेला भुंगा नारळाचा शेंडा कोरतो. उकिरड्यावर अळ्या बघून सगळं शेणखतच जाळायला निघालेले लोक मी बघितलेत, काही गरज नसते.

बरं आता उपाय, आणि पहिला उपाय भुंगेऱ्यांचा कारण एक मादी पकडली म्हणजे पन्नासेक अळ्या कमी. पहिला चांगला पाऊस पडला त्याच संध्याकाळी सात वाजता टॉर्च घेऊन कॉलनीतल्या कडुनिंबाखाली जा. पाल्यातून खुडखुड असा आवाज येतो, पानांच्या कडा कातरलेल्या दिसतात, खाली लेंड्या पडलेल्या असतात. झाडाखाली जुनी चादर किंवा ताडपत्री अंथरा, लांब बांबूला आकडी लावून फांद्या जोरात हलवा, भुंगेरे टपाटप खाली पडतात आणि थोडा वेळ मेल्यासारखे निपचित राहतात, तेवढ्यात गोळा करून बादलीत टाका. बादलीत पाणी आणि वर थोडं रॉकेल, रॉकेल आता मिळत नाही म्हणाल तर डिझेल किंवा नुसतं साबणाचं घट्ट पाणी चालतं. कोंबड्या असतील तर त्यांना टाका, अर्थात त्या झाडावर कोणी फवारणी केलेली नसेल तरच. हे एक दिवसाचं काम नाही, पहिल्या पावसापासून दोन-तीन आठवडे रोज संध्याकाळी, आणि मध्ये उघडीप होऊन परत पाऊस झाला की परत नवीन खेप निघते.

आणि हे एकट्याने करून उपयोग कमी. भुंगेरा कुंपण ओळखत नाही, तुम्ही तुमचं झाड साफ केलं आणि मागच्या प्लॉटवरच्या बाभळीवर शेकडो बसलेत तर तुमच्याच लॉनमध्ये येऊन अंडी घालणार, कारण आजूबाजूला ओली मऊ माती तिथेच आहे. कॉलनीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर गुड मॉर्निंगच्या फुलांऐवजी एक मेसेज टाका, पोरांना भुंगेरे गोळा करायची शर्यत लावून द्या, पोरं मोठ्यांपेक्षा चांगलं काम करतात. झाडावर औषध फवारायचा शहाणपणा मात्र करू नका. शेतात बांधावरच्या झाडांवर फवारणी करतात हे खरं आहे पण कॉलनीत त्याच कडुनिंबाखाली गाड्या, पाण्याच्या टाक्या, वाळत घातलेले कपडे असतात आणि सकाळी कोणी काडी तोडून दात घासतं.

लाइटचा सापळा पण चालतो. घमेल्यात किंवा टबात पाणी आणि थोडं रॉकेल, त्याच्या वर फूटभर बल्ब लटकवायचा. जागा मात्र लॉनपासून लांब, कडुनिंबाच्या बाजूला, नाहीतर लॉनला लावाल आणि गावभरचे भुंगेरे पाहुणे म्हणून घरी बोलवाल. संध्याकाळी सात ते रात्री साधारण दहा एवढाच चालू ठेवा, रात्रभर ठेवला तर बिचारे कामाचे किडेही मरतात. भुंगेरे उजेडाकडे येतात म्हणूनच त्या दोन-तीन आठवड्यांत लॉनमधले पांढरे एलईडी आणि फोकस बंद ठेवा किंवा पिवळे लावा, लग्नाचा मंडप नाही तो.

पाण्याचं जरा सविस्तर सांगतो कारण हे आपल्या भागात जास्त लागू होतं. मे महिन्यात पारा ४४-४५ ला जातो, सगळं रखरखीत, मग जूनमध्ये एक-दोन पाऊस आणि त्यानंतर मोठी उघडीप हे आपल्याकडे नेहमीचं. त्या उघडिपीत बाहेरची जमीन वरून सुकून जाते आणि तुमचं लॉन रोज पाणी पिऊन गारेगार. मादीला अंड्यांसाठी ओलावा लागतो, अंडी कोरड्या मातीत टिकत नाहीत, मग ती कुठे जाणार. म्हणून भुंगेऱ्यांच्या सीझनमध्ये लॉनला जेमतेम जगेल एवढंच पाणी द्या, दोन पाण्यांत अंतर ठेवा, वरचे दोन इंच सुकू द्या. हरळीचं लॉन थोडं मलूल होईल पण मरत नाही, हरळी मारायला शेतकऱ्यांच्या पिढ्या गेल्यात. गवत पण अगदी टकलं कापू नका, दीड-दोन इंच राहू द्या, मुळ्या खोल जातात. सप्टेंबरमध्ये उलटं करायचं, तेव्हा मुळ्या खाल्ल्या गेलेल्या असतात म्हणून थोडं थोडं पाणी वरचेवर द्या म्हणजे उरलेल्या मुळ्यांवर गवत तग धरतं.

शेणखत. पावसाळ्याच्या तोंडावर ट्रॉलीभर कच्चं शेणखत आणून लॉनवर पसरायची आपल्याकडे फार हौस. बारीक हुमणीला पहिल्या महिन्यात सेंद्रिय पदार्थच लागतो, म्हणजे तुम्ही तिला डबा भरून देताय. पूर्ण कुजलेलं, काळं, वास न येणारं खतच टाका आणि ते मेमध्ये आणून प्लास्टिकवर पातळ पसरून चार-पाच दिवस उन्हात उलटंपालटं करा, आपल्या उन्हात त्यात काही जिवंत राहत नाही आणि जे राहतं ते साळुंक्या नेतात. फुलझाडांचे वाफेही एप्रिल-मेमध्ये नऊ-दहा इंच खोल कुदळून उघडे टाका, जमिनीत झोपलेले भुंगेरे वर येतात. लॉन काही नांगरता येत नाही, तिथे निदान नवीन लॉन लावण्याआधी एवढं कराच.

आता ज्याची सगळे वाट बघत होते ते औषध. माझी पहिली पसंती मेटारायझियम ॲनिसोप्ली ह्या बुरशीला. ही अळीच्या कातडीला चिकटते, आत शिरते, अळी मरते आणि मग तिच्या अंगावर हिरवी भुकटी चढते. नवीन फॅड नाही हे, एली मेचनिकोव्ह नावाच्या रशियन शास्त्रज्ञाने १८७९ मध्ये ओडेसाला गव्हावरच्या भुंगेऱ्यांसाठी ह्याच बुरशीचे प्रयोग केले होते, पुढे १९०८ मध्ये त्याला नोबेल मिळालं ते वेगळ्याच कामासाठी. शेतात हेक्टरी २० किलो सांगतात, हिशोब केला तर १००० चौरस फूट लॉनला साधारण २०० ग्रॅम. दहा-पंधरा किलो चाळलेल्या ओलसर कुजलेल्या खतात मिसळा, सावलीत गोणपाट झाकून थोडे दिवस ठेवा, मग संध्याकाळी लॉनवर सारखं पसरून झाडूने आत झटका आणि वरून पाणी द्या. वेळ, जूनचा शेवट ते जुलै, जमिनीत ओल असताना. परत ऑगस्टमध्ये एकदा. रासायनिक बुरशीनाशक मागेपुढे दोन-तीन आठवडे लॉनला देऊ नका नाहीतर तुम्हीच तुमची बुरशी माराल. आणि चमत्काराची अपेक्षा नको, दोन-तीन आठवडे लागतात, चाळीस डिग्रीच्या कोरड्या मातीत टाकली तर काहीच होणार नाही. विकत घेताना पाकिटावर तयार केल्याची तारीख बघा, दुकानात उन्हात ठेवलेलं पाकीट घेऊ नका. जळगावकरांनी ममुराबादच्या, रावेर-यावलवाल्यांनी पालच्या कृषी विज्ञान केंद्रात विचारावं, धुळे-नंदुरबारलाही केंद्रं आहेत, माल शिल्लक आहे का ते फोन करून मगच जा.

दुसरा जैविक पर्याय म्हणजे हेटेरोरॅबडायटिस इंडिका, डोळ्याला न दिसणारे सूत्रकृमी. ते अळीच्या अंगात शिरतात, सोबत आणलेले जिवाणू सोडतात, अळी मरून विटकरी लाल होते. लॉनला हे चांगलं काम करतं कारण लॉनमध्ये ओल कायम असते. फक्त उन्हात मरतात, म्हणून दिवस मावळल्यावर, आधी लॉन भिजवून, झारीने द्या आणि वरून परत पाणी.

रासायनिक बद्दल थोडक्यात. आधी सगळ्यात महत्त्वाचं, जुने लोक अजून सांगतात थिमेट टाक थोडं. थिमेट म्हणजे फोरेट, त्याच्यावर ३१ डिसेंबर २०२० पासून देशात बंदी आहे, अतिशय विषारी, कोणाच्या गोडाऊनमध्ये जुनी पिशवी पडली असेल तरी घरी आणू नका, त्या लॉनवर लहान मुलं लोळतात आणि कुत्री-मांजरी पंजे चाटतात. उसासाठीचं हुमणीचं औषध मेहुण्याच्या शेतातून आणून अंदाजे दोन झाकणं मारायची हेही नको. द्यायचंच असेल तर ज्याच्या लेबलवर तुमचा वापर छापलेला आहे तेच, तेवढंच, अळी बारीक असताना म्हणजे जुलै ते ऑगस्टच्या सुरुवातीला, देण्याआधी लॉनमधली तणाची फुलं कापून टाका म्हणजे मधमाश्या येणार नाहीत, दिल्यावर चांगलं पाणी देऊन औषध मुळाशी उतरवा आणि पूर्ण सुकेपर्यंत कोणाला पाय ठेवू देऊ नका. ऑक्टोबरनंतर तर पैसे वाया. निंबोळी पेंड १००० चौरस फुटाला पाचेक किलो टाकायला हरकत नाही, लॉनला खत म्हणून चांगलीच आहे, पण तिच्या एकटीच्या जिवावर हुमणी जाईल असा भरवसा मला नाही, अहो हा भुंगेरा कडुनिंबाचाच पाला आवडीने खाऊन मोठा होतो.

यूट्यूबवर अमेरिकेचे व्हिडिओ बघून लोक मिल्की स्पोअर कुठे मिळेल आणि पिवळा-हिरवा जपानी बीटलचा ट्रॅप कुठे मिळेल विचारतात. भो, ते जपानी बीटलसाठी आहे, तो किडा तिकडे न्यू जर्सीत १९१६ मध्ये पहिल्यांदा सापडला आणि तिकडचं सगळं लॉनशास्त्र त्याच्याभोवती फिरतं. मिल्की स्पोअरचा जिवाणू त्याच्याच अळीसाठी आहे, ट्रॅपमधला वास त्यालाच ओढायला आहे. आपली हुमणी वेगळी, भुंगेरे निघायची वेळ पण वेगळी, व्हिडिओतला महिना बघून आपल्याकडे काम करू नका.

कुंड्यांचं वेगळं सांगतो, जमिनीत दोन अळ्या चालतात, कुंडीत दोन अळ्या म्हणजे झाड गेलं. माती ओली असून झाड मान टाकतंय असं झालं की कुंडी आडवी करून पूर्ण रिकामी करा, मुळ्या पाण्यात धुवा, अळ्या वेचा आणि नवीन मातीत लावा, औषध वगैरे काही लागत नाही. गुलाबाची पानं रात्रीतून कातरली जात असतील तर नऊ वाजता टॉर्च घेऊन जा, बारीक तपकिरी भुंगेरे पानावर बसलेले सापडतील, हलवून साबणाच्या पाण्यात पाडा. जास्वंदीच्या फुलांवर ऑगस्टनंतर काळ्या अंगावर नारिंगी पट्ट्यांचे भुंगेरे येतात ते फुलं खातात, त्यांना उघड्या हाताने धरू नका, अंगातून निघणाऱ्या रसाने कातडीवर फोड येतात. हातमोजे घालून झटका, सरसकट मारायची गरज नाही कारण त्यांच्या अळ्या नाकतोड्यांची अंडी खातात. नारळाच्या नव्या झावळीला व्ही आकाराचा काप दिसला तर गेंड्या भुंगा, कोवळ्या झाडाच्या शेंड्याजवळच्या पानांच्या बेचक्यात तीन डांबरगोळ्या ठेवून वर वाळू टाका, दीड महिन्याने परत.

आणि लॉन गेलंच असेल तर गवताच्या नवीन गाद्या आणायची घाई नको. चट्ट्यातलं मेलेलं गवत खरडून काढा, माती चार इंच उकरून दोन दिवस तशीच उघडी ठेवा, साळुंक्यांना त्यांचं काम करू द्या, उरलेल्या अळ्या हाताने वेचा. मग लॉनच्याच चांगल्या भागातल्या हरळीच्या काड्या घेऊन चार-चार इंचावर टोचा, वरून चाळलेली माती आणि पायाने हलकं दाबून पाणी. हे सगळं ऑक्टोबरच्या मध्यापर्यंत उरका, कारण एकदा थंडी पडली की हरळी वाढायची थांबते आणि मग ते टक्कल फेब्रुवारीपर्यंत तसंच बघत बसावं लागतं.